पेट्रोलवरचा कर, गावचा रस्ता अन् पुण्याचं विद्यापीठ : बॅरिस्टर जयकरांची कहाणी

जयंती विशेष

पंपावर गाडीत पेट्रोल भरताना आपण दर बघतो, कपाळाला हात लावतो आणि पुढं निघतो. त्या दरात केंद्राचा वेगळा कर असतो, राज्याचा वेगळा. त्यातला काही पैसा रस्त्यांसाठी बाजूला काढला जातो. हे सगळं कुणाच्या डोक्यातून आलं, हे मात्र कुणाला ठाऊक नसतं. या तिन्ही गोष्टींशी एका मराठी माणसाचा फार जवळचा संबंध आहे. त्यांचं नाव बॅरिस्टर मुकुंद रामराव जयकर. आज, 13 नोव्हेंबरला त्यांची जयंती.

पुण्याला विद्यापीठात शिकून आलेल्या पोरांना जयकर ग्रंथालय माहीत असतं. तिथं रात्र रात्र बसून अभ्यास करून आपल्या तालुक्यातले कितीतरी जण फौजदार झाले, तहसीलदार झाले. पण ज्यांच्या नावाचं ते ग्रंथालय आहे ते जयकर कोण, हे विचारलं तर बहुतेक जण गप्प बसतात. हा माणूस राजकारणात होता, गांधीजींबरोबर होता, गांधीजींच्या विरोधातही होता. पुढं देशाच्या पहिल्या फेडरल कोर्टाचा न्यायाधीश झाला आणि म्हातारपणी विद्यापीठाचा कुलगुरू झाला. एवढं सगळं एका आयुष्यात बसलं.

मुंबईतलं बालपण

जयकरांचा जन्म 13 नोव्हेंबर 1873 चा, मुंबईतला. घराणं पाठारे प्रभू समाजातलं. वडिलांचं छत्र लहानपणीच गेलं आणि ते आजोळी वाढले. आईचे वडील वासुदेव जगन्नाथ कीर्तिकर हे त्या काळचे नावाजलेले वकील. कोर्टकचेरी आणि वेदान्त, दोन्हींचा त्यांना नाद. आजोबांचे वेदान्तावरचे लेख पुढं जयकरांनीच संपादित करून पुस्तकरूपानं काढले. म्हणजे कायदा आणि संस्कृत या दोन्ही गोष्टी पोराच्या अंगात आजोळच्या घरातूनच उतरल्या.

मुंबईत शिक्षण झालं. गिरगावातल्या आर्यन एज्युकेशन सोसायटीशी तरुणपणीच त्यांचा संबंध आला. शिक्षणाची ही ओढ शेवटपर्यंत सुटली नाही. मग विलायतेला जाऊन 1905 साली ते बॅरिस्टर झाले आणि मुंबई हायकोर्टात वकिली सुरू केली. वकिली चांगली चालली, पैसा आला, नाव झालं. गाण्याचा आणि कलेचाही शौक होता. असा माणूस आरामात बंगल्यात बसून आयुष्य काढू शकला असता. पण काळ तसा नव्हता.

1916-17 च्या सुमारास होमरूलची चळवळ जोरात होती. ॲनी बेझंट यांना सरकारनं 1917 मध्ये स्थानबद्ध केलं तेव्हा मुंबईतले बरेच वकील चिडून चळवळीत उतरले. जयकर त्यांतलेच एक. त्या वेळी त्यांच्या बरोबरीनं काम करणाऱ्यांत बॅरिस्टर जिना हेही होते. पुढं या दोघांच्या वाटा कुठल्या कुठं गेल्या, ते नंतर येईलच.

पंजाबात गावोगाव

13 एप्रिल 1919 ला अमृतसरच्या जालियनवाला बागेत जनरल डायरनं निःशस्त्र लोकांवर गोळीबार केला. सरकारी आकड्यानुसार 379 माणसं मेली. गोळ्या झाडल्या गेल्या 1650. त्यानंतर पंजाबात लष्करी कायदा लागला. लोकांना रस्त्यावर पोटावर सरपटत जायला लावलं, चाबकाचे फटके मारले, गुजरांवाला भागात तर विमानातून बॉम्ब टाकले.

सरकारनं चौकशीसाठी हंटर कमिटी नेमली. पण तुरुंगातल्या पुढाऱ्यांना साक्षीसाठी सोडायला सरकार तयार होईना, म्हणून काँग्रेसनं त्या कमिटीवर बहिष्कार टाकला आणि स्वतःची चौकशी समिती नेमली. तिच्यात गांधीजी, चित्तरंजन दास, अब्बास तय्यबजी आणि जयकर होते. जयकरांचं वय तेव्हा 46. मुंबईची वकिली बाजूला ठेवून ते पंजाबात गेले.

हे काम भाषणं ठोकण्याचं नव्हतं. गावोगाव जायचं, माणसाला समोर बसवायचं, काय झालं ते विचारायचं, खरं-खोटं पारखायचं आणि लिहून घ्यायचं. सुमारे 1700 लोकांचे जबाब समितीनं तपासले. त्यातले 650 छापले. गांधीजींचा कटाक्ष असा की ज्या गोष्टीचा पुरावा नाही ती अहवालात घ्यायची नाही, मग ती कितीही भडक असो. जयकरांच्या वकिली मनाला हे पटणारं होतं. मार्च 1920 मध्ये अहवाल आला. त्यात रौलट कायदा रद्द करा, दोषी अधिकाऱ्यांना पदावरून काढा, व्हाइसरॉयला परत बोलवा, अशा मागण्या होत्या.

या काही महिन्यांत जयकरांनी गांधीजींना फार जवळून पाहिलं. त्यांच्याबद्दलचा आदर तिथं तयार झाला आणि तो कायम राहिला. पण आदर वेगळा आणि मत वेगळं, हे जयकरांनी आयुष्यभर पाळलं.

मतभेद झाला की पद सोडायचं

त्याच वर्षी, 1920 मध्ये, गांधीजींनी असहकाराचा मार्ग धरला. कोर्ट सोडा, सरकारी शाळा-कॉलेज सोडा, कौन्सिलांवर बहिष्कार टाका. जयकरांना हे सगळं पटलं नाही. पोरांनी शाळा सोडून करायचं काय, हा त्यांचा प्रश्न होता. ऑक्टोबर 1920 मध्ये गांधीजींनी होमरूल लीगची घटना बदलली, तेव्हा जी मंडळी लीगमधून बाहेर पडली त्यात जिना होते आणि जयकरही होते.

पुढं चित्तरंजन दास आणि मोतीलाल नेहरू यांनी स्वराज पक्ष काढला. कौन्सिलात शिरायचं आणि आतून सरकारला अडवायचं, असा त्यांचा बेत. हा मार्ग जयकरांना मानवला. 1923 च्या निवडणुकीत ते मुंबईच्या कायदे कौन्सिलात निवडून आले आणि तिथल्या स्वराज पक्षाचे पुढारी झाले.

पण तिथंही फार दिवस जमलं नाही. 1925 मध्ये मध्य प्रांत-वऱ्हाडातले स्वराज पक्षाचे श्रीपाद बळवंत तांबे यांनी गव्हर्नरच्या कार्यकारी मंडळात जागा घेतली. मोतीलाल नेहरू संतापले. पक्षात राहून सरकारी पद घेतलंच कसं, असा त्यांचा सवाल. जयकर, न. चिं. केळकर आणि नागपूरचे डॉ. मुंजे यांचं म्हणणं वेगळं पडलं. जिथं सरकार लोकांच्या हिताचं करेल तिथं साथ द्यावी, जिथं नाही तिथं विरोध करावा. नुसतं अडवून ठेवल्यानं लोकांचं काय भलं होणार? याला प्रतियोगी सहकार म्हणायचे. हा विचार लोकमान्य टिळकांच्या शेवटच्या काळातल्या धोरणाला धरून आहे, असं या मंडळींचं म्हणणं होतं.

भांडण वाढलं. जयकरांनी कौन्सिलातली जागा सोडली. फेब्रुवारी 1926 मध्ये अकोल्यात बैठक होऊन नवा पक्ष उभा राहिला. त्याच वर्षी मुंबई शहरातून निवडून येऊन जयकर दिल्लीच्या मध्यवर्ती कायदेमंडळात गेले. तिथं लाला लजपतराय यांच्या गटाचे ते उपनेते होते.

आज पक्ष सोडणाऱ्याकडं लोक संशयानं बघतात आणि ते बरोबरही आहे. जयकरांनीही बाजू अनेकदा बदलली. फरक एवढाच की मत बदललं तेव्हा त्यांनी आधी खुर्ची सोडली.

जयकर समिती आणि गावचे रस्ते

दिल्लीतल्या त्या चार वर्षांत जयकरांनी जे एक काम केलं, त्याचा उपयोग आपण आजही घेतो. पहिल्या महायुद्धानंतर देशात मोटारी वाढल्या होत्या. रस्ते मात्र बैलगाडीच्या काळातले. रस्त्याचं काम प्रांतांकडं आणि लोकल बोर्डांकडं होतं आणि त्यांच्या तिजोरीत खडखडाट. म्हणून 1927 मध्ये कायदेमंडळाच्या सदस्यांची एक समिती नेमली गेली. अध्यक्ष होते जयकर. म्हणून ती जयकर समिती म्हणूनच ओळखली जाते. सिव्हिल इंजिनिअरिंग शिकणाऱ्या पोरांना आजही हा धडा असतो.

1928 मध्ये समितीनं अहवाल दिला. रस्ते हा प्रांतापुरता विषय राहिलेला नाही, लोकल बोर्डांच्या आवाक्यातलं हे काम नाही, तेव्हा केंद्रानं यात लक्ष घातलं पाहिजे, हा त्याचा गाभा. पैसा कुठून आणायचा? त्यावर उपाय साधा होता. जे रस्ता वापरतात त्यांच्याकडून घ्या. पेट्रोलवर जादा कर लावा आणि तो पैसा फक्त रस्त्यांसाठी वेगळा ठेवा.

1929 मध्ये पेट्रोलवर गॅलनमागं 2 आणे जादा कर बसला आणि त्यातून केंद्रीय रस्ते निधी उभा राहिला. रस्त्यांच्या इंजिनिअरांनी एकत्र बसून विचार करावा म्हणून 1934 मध्ये इंडियन रोड्स काँग्रेस स्थापन झाली. तीही याच समितीच्या शिफारशीतून. पुढं 1943 मध्ये नागपूरला देशभरच्या मुख्य इंजिनिअरांची परिषद झाली आणि तिथं रस्त्यांची वर्गवारी ठरली. राष्ट्रीय महामार्ग, प्रांताचा मार्ग, जिल्हा मार्ग आणि ग्रामीण रस्ता. आपल्या ग्रामपंचायतीत रस्त्याचा ठराव करताना हा रस्ता ग्रामीण मार्गात येतो का जिल्हा मार्गात, यावर जो वाद होतो, त्याचं मूळ तिथं आहे.

2000 साली केंद्रीय रस्ते निधीचा नवा कायदा झाला. त्यातून डिझेलवरच्या उपकराचा वाटा ग्रामीण रस्त्यांना मिळू लागला आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात प्रधानमंत्री ग्रामसडक योजना सुरू झाली. गावाच्या वेशीवर त्या योजनेचा पिवळा-निळा फलक दिसला की समजावं, इंधनावर कर लावून तो रस्त्यालाच लावायचा ही कल्पना 1928 च्या जयकर समितीची आहे.

कलकत्त्यातलं ते भाषण

माणसाचं चांगलंच तेवढं सांगितलं तर ते चरित्र होत नाही, कौतुकाचा फलक होतो. जयकरांच्या आयुष्यातला एक प्रसंग असा आहे की ज्याबद्दल आजही वाद होतो.

डिसेंबर 1928 मध्ये कलकत्त्याला सर्वपक्षीय परिषद भरली. स्वतंत्र भारताची घटना कशी असावी याचा मसुदा मोतीलाल नेहरूंच्या समितीनं केला होता. जिनांनी त्यात काही बदल मागितले. मध्यवर्ती कायदेमंडळात मुसलमानांना एक तृतीयांश जागा हा त्यातला मुख्य. सर तेजबहादूर सप्रू यांनी समजावलं की थोडं देऊन टाका आणि एकी राखा. जयकर हिंदू महासभेच्या बाजूनं उभे राहिले आणि त्यांनी विरोध केला. जिनांच्या मागं मुसलमान समाजातले थोडेच लोक आहेत, असा त्यांचा मुद्दा होता. जिनांच्या मागण्या फेटाळल्या गेल्या आणि ते दुखावून निघून गेले.

त्या दिवशी मागण्या मान्य झाल्या असत्या तर पुढची फाळणी टळली असती, असं छातीठोकपणे कुणी सांगू शकत नाही. पण हिंदू-मुसलमान समेटाची एक मोठी संधी तिथं हुकली, असं अनेक अभ्यासक मानतात आणि त्यात जयकरांचा वाटा होता हे नाकारता येत नाही. एकेकाळचे चळवळीतले सोबती असे समोरासमोर आले. त्याची आठवण जयकरांच्या पुढच्या आयुष्यावर कशी उमटली, हे 1946 मध्ये दिसतं.

दोन्हीकडून बोल खाणारा मध्यस्थ

बांधाच्या भांडणात मध्ये पडणाऱ्या माणसाची काय गत होते, हे गावात सगळ्यांना ठाऊक आहे. एक भाऊ म्हणतो, हा त्याचा माणूस. दुसरा म्हणतो, हा याचा माणूस. 1930 पासून जयकरांच्या वाट्याला हेच आलं.

मिठाचा सत्याग्रह पेटला होता. गांधीजी येरवड्याच्या तुरुंगात, मोतीलाल आणि जवाहरलाल अलाहाबादजवळच्या नैनी तुरुंगात. लंडनमध्ये गोलमेज परिषद भरणार आणि काँग्रेसशिवाय तिला अर्थ नाही, हे उघड होतं. तेव्हा सप्रू आणि जयकर हे दोघं व्हाइसरॉय आयर्विन यांची संमती घेऊन समेटाच्या कामाला लागले. रेल्वेनं नैनी ते येरवडा अशा खेपा झाल्या. शेवटी नेहरू पिता-पुत्रांना खास गाडीनं येरवड्याला आणलं गेलं आणि 13 ते 15 ऑगस्ट 1930 ला तुरुंगातच बोलणी झाली. वल्लभभाई पटेल, सरोजिनी नायडू हेही त्यात होते. बोलणी फिसकटली. चळवळीतले लोक म्हणाले, हे सरकारचे हस्तक. सरकारी साहेब म्हणाले, हे काँग्रेसला डोक्यावर चढवतात.

पण ते काम वाया गेलं नाही. सप्रू, जयकर आणि श्रीनिवास शास्त्री या तिघांनी पुन्हा खटपट केली आणि मार्च 1931 मध्ये गांधी-आयर्विन करार झाला.

पुढच्या वर्षी पुन्हा येरवडा. ब्रिटिशांनी अस्पृश्य समाजाला स्वतंत्र मतदारसंघ दिले आणि त्याविरुद्ध गांधीजींनी 20 सप्टेंबर 1932 ला उपोषण सुरू केलं. सगळा दबाव डॉ. बाबासाहेब आंबेडकरांवर आला. गांधीजींचा जीव एका बाजूला आणि आपल्या समाजाचा हक्क दुसऱ्या बाजूला, अशा कात्रीत ते सापडले. त्या चार दिवसांच्या घासाघाशीत सप्रू आणि जयकर दोघं मध्यस्थ होते. 24 सप्टेंबरला पुणे करार झाला. स्वतंत्र मतदारसंघ गेले, पण प्रांतांतल्या राखीव जागा 71 वरून 148 झाल्या. त्या करारावर बाबासाहेबांबरोबर जयकरांचीही सही आहे. हा करार दलित समाजाला किती लाभला आणि किती नाही, यावर आजही दोन मतं आहेत.

लंडनच्या गोलमेज परिषदांनाही जयकर गेले. भारताचं संघराज्य कसं असावं हे ठरवणाऱ्या समितीत ते होते. त्यातूनच पुढं 1935 चा कायदा आला.

राजकारणी झाला न्यायाधीश

1935 च्या कायद्यानं केंद्राचे अधिकार वेगळे, प्रांतांचे वेगळे अशी वाटणी केली. आता घरात वाटणी झाली की भांडण आलंच. विहीर कुणाची, वाट कुणाची. मग वाटणीपत्र वाचून निवाडा देणारा कुणीतरी लागतो. त्यासाठी दिल्लीत फेडरल कोर्ट स्थापन झालं. 1 ऑक्टोबर 1937 ला ते सुरू झालं. सरन्यायाधीश सर मॉरिस ग्वायर. त्यांच्या जोडीला अलाहाबाद हायकोर्टाचे माजी मुख्य न्यायमूर्ती सर शाह मुहंमद सुलेमान आणि तिसरे जयकर. पहिल्या तिघांत एक मराठी माणूस.

कोर्टाला स्वतःची इमारतही नव्हती. संसद भवनात संस्थानिकांच्या नरेंद्र मंडळासाठी जे दालन होतं तिथं ते बसायचं. पुढं 1950 मध्ये सुप्रीम कोर्टाचं कामकाजही त्याच दालनात सुरू झालं.

वीस वर्षं राजकारणात घालवलेला माणूस न्यायाधीश झाला तर तो नि:पक्ष राहील का, हा प्रश्न आजही विचारला जातो. जयकर तर ज्या कायद्यानं कोर्ट जन्माला आलं त्याच्या चर्चेत स्वतः बसलेले. कसोटी लवकरच आली.

मध्य प्रांत आणि वऱ्हाड, म्हणजे ज्यात आजचा विदर्भ होता, त्या सरकारनं 1938 मध्ये एक कायदा केला. पेट्रोल आणि वंगणाच्या किरकोळ विक्रीवर 5 टक्के कर. केंद्र सरकार म्हणालं, ही तर अबकारी आहे आणि अबकारी आमच्या हक्काची. प्रांत म्हणाला, हा विक्रीकर आहे आणि विक्रीकर आमचा. गव्हर्नर जनरलनं हा प्रश्न फेडरल कोर्टाकडं सल्ल्यासाठी पाठवला. कोर्टासमोर आलेलं पहिलं मोठं प्रकरण ते हेच.

योगायोग बघा. ज्या जयकरांनी दहा वर्षांपूर्वी पेट्रोलवर केंद्राचा कर सुचवला, त्यांच्याच समोर आता पेट्रोलवर प्रांताला कर लावता येतो का हा खटला. 1938 च्या अखेरीस निर्णय आला. तिघांनी आपापली मतं वेगळी लिहिली, पण निष्कर्ष एकच. माल तयार होताना लागतो तो अबकारी कर केंद्राचा. माल बाजारात विकला जाताना लागतो तो विक्रीकर प्रांताचा. प्रांताचा कायदा वैध ठरला. दिल्लीत बसलेल्या कोर्टानं दिल्ली सरकारच्या विरोधात मत दिलं.

आज पेट्रोल-डिझेल जीएसटीच्या बाहेर आहे. केंद्र त्यावर अबकारी घेतं आणि राज्य व्हॅट घेतं. राज्याची हद्द ओलांडली की पंपावरचा दर बदलतो तो यामुळंच. दर परवडत नाही हा भाग वेगळा. पण राज्याला स्वतःच्या कमाईचा हक्क असावा, सगळं केंद्राच्या तोंडाकडं बघून चालू नये, या तत्त्वाला पहिलं बळ त्या निर्णयानं दिलं.

लंडनला आणि परत

फेडरल कोर्टात जयकर फार काळ राहिले नाहीत. 1939 मध्ये त्यांची नेमणूक लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलच्या न्याय समितीवर झाली. त्या काळी भारतातल्या खटल्यांचं शेवटचं अपील तिथं चालायचं. जमिनीच्या वादात पिढ्यान्‌पिढ्या लढलेली माणसं शेवटी जिथं थांबायची ते हे ठिकाण. पण दुसरं महायुद्ध पेटलं होतं आणि युद्धाच्या काळातच ते पद सोडून जयकर मायदेशी आले. सप्रूंबरोबर पुन्हा जुनं काम सुरू झालं. काँग्रेस तुरुंगात, मुस्लिम लीग पाकिस्तानवर अडलेली, इंग्रज ढिम्म. सप्रू समितीत बसून त्यांनी अखंड भारताच्या घटनेची रूपरेषा मांडली. ऐकण्याच्या मनःस्थितीत कुणी नव्हतं.

घटना समितीतली रिकामी झालेली जागा

डिसेंबर 1946 मध्ये घटना समिती भरली. मुंबई प्रांतातून निवडून आलेले जयकर तिच्यात होते. वय 73. नेहरूंनी उद्दिष्टांचा ठराव मांडला. मुस्लिम लीगचे सदस्य आलेले नव्हते, संस्थानांचे प्रतिनिधीही नव्हते. 16 डिसेंबरला जयकर उठले आणि त्यांनी दुरुस्ती मांडली. ती मंडळी येईपर्यंत ठराव थांबवा, गैरहजर माणसाच्या माघारी घराचा पाया घालू नका, असा त्यांच्या म्हणण्याचा अर्थ. सभागृहात नाराजी पसरली, मध्ये मध्ये अडवलं गेलं. ज्या काँग्रेसच्या पाठिंब्यावर निवडून आले तिच्याच पुढाऱ्याच्या ठरावाला हा माणूस आडवा येतोय, असं लोकांना वाटलं.

अठरा वर्षांपूर्वी कलकत्त्यात ज्यांनी जिनांना नकार द्यायला सांगितलं, तेच जयकर आता जिनांच्या पक्षासाठी थांबा म्हणत होते. दुसऱ्या दिवशी डॉ. आंबेडकर बोलले. त्यांनीही घाई नको, एकी साधायचा प्रयत्न करा, असाच सूर लावला आणि सभागृहानं ते शांतपणे ऐकलं. ठराव लगेच मंजूर न होता पुढं गेला. 22 जानेवारी 1947 ला तो मंजूर झाला. लीग तेव्हाही आली नाही.

जयकरांनी घटना समितीचा राजीनामा दिला. इथं इतिहासानं वेगळंच वळण घेतलं. फाळणीमुळं डॉ. आंबेडकरांची बंगालमधली जागा गेली. ते घटना समितीत असणं गरजेचं आहे, हे काँग्रेसच्या लक्षात आलं होतं. राजेंद्र प्रसाद यांनी मुंबईचे पंतप्रधान बाळासाहेब खेर यांना तसं कळवलं आणि जुलै 1947 मध्ये बाबासाहेब मुंबईतून निवडून आले. ती जागा होती जयकरांनी रिकामी केलेली. पुढं ऑगस्टमध्ये बाबासाहेब मसुदा समितीचे अध्यक्ष झाले. जयकरांनी आयुष्यात बऱ्याच खुर्च्या सोडल्या, पण देशाला सगळ्यात जास्त उपयोगी पडलेली ती हीच.

पंच्याहत्तरीत नवा डाव

या वयात माणसं ओसरीवर बसून नातवंडं खेळवतात. जयकरांनी विद्यापीठ उभं केलं. महाराष्ट्रासाठी वेगळं विद्यापीठ हवं का, याचा विचार करायला मुंबई सरकारनं 1942 मध्ये एक समिती नेमली होती. तिचे अध्यक्ष जयकरच होते. स्वातंत्र्यानंतर ते प्रत्यक्षात आलं. 1948 मध्ये कायदा झाला, जयकर पहिले कुलगुरू झाले आणि 10 फेब्रुवारी 1949 ला पुणे विद्यापीठ स्थापन झालं.

सुरुवातीला कचेरीला जागा नव्हती. भांडारकर संस्थेच्या आवारातल्या निजाम गेस्ट हाउसमध्ये काम चालायचं. मग गणेशखिंडीतला गव्हर्नरचा बंगला आणि त्याभोवतीची 400 एकरांहून जास्त जमीन विद्यापीठाला मिळाली. जिथं लाटसाहेब राहायचे, जिथं सामान्य माणसाला पाऊल टाकायची सोय नव्हती, तिथं शेतकऱ्यांची पोरं शिकायला जाऊ लागली.

पहिल्या वर्षी 18 कॉलेजं आणि 8 हजारांवर विद्यार्थी होते. पण हद्द मोठी, 12 जिल्ह्यांची. कोल्हापूरला शिवाजी विद्यापीठ 1962 मध्ये झालं, तोवर पश्चिम महाराष्ट्रातल्या पोरांची पदवी पुण्याच्याच शिक्क्याची होती. जयकरांनी 1956 पर्यंत हा गाडा ओढला. वय तेव्हा 82. त्यांच्यानंतर रँग्लर परांजपे कुलगुरू झाले.

शेवटच्या काळात त्यांनी आपल्या आयुष्याची कहाणी इंग्रजीत लिहायला घेतली. दोन खंड झाले आणि हकिकत 1925 पर्यंतच आली. येरवड्याच्या खेपा, पुणे करार, फेडरल कोर्ट, विद्यापीठ, हे सगळं त्यांच्या लेखणीतून यायचं राहून गेलं. 10 मार्च 1959 ला वयाच्या 85 व्या वर्षी त्यांचं निधन झालं.

उरलं काय?

जयकरांच्या नावाचा पक्ष नाही, गट नाही, चौकाचौकात पुतळे नाहीत. ज्यांचा कुठलाच कळप नाही त्यांची जयंती कोण करणार? काँग्रेसवाले त्यांना आपले म्हणाले नाहीत, महासभावाल्यांना ते पुरते आपले वाटले नाहीत आणि इंग्रजांचे तर ते नव्हतेच. चुका त्यांच्याही झाल्या. कलकत्त्यातली चूक तर फार मोठी मानली जाते. पण चूक उमगल्यावर, सगळं सभागृह विरोधात असताना, वेगळं बोलायची हिंमत त्यांनी म्हातारपणी दाखवली.

गावातून डांबरी रस्त्यानं एसटी निघते, पोरगं किंवा पोरगी पुण्याला शिकायला जाते आणि रात्री ग्रंथालयात पुस्तक उघडून बसते. त्या पोरांनी कधीतरी पुस्तकातून मान वर करून दारावरचं नाव वाचावं आणि हा माणूस कोण होता, एवढं विचारावं.